काकीनं विचारलेला आकडा तिला सांग

ताई,

मी मालवण तालुक्यातली, रापणकऱ्यांच्या, म्हणजे किनाऱ्यावरून जाळं ओढणाऱ्यांच्या घरातली. वय २७. पुण्यात नाटक शिकले. किनाऱ्यावरच्या माणसांशी बोलते, ते रेकॉर्ड करते आणि शब्दाला शब्द ठेवून एकटीच सादर करते. तासाभराचा प्रयोग आहे, त्यात सात माणसं, सगळी खरी. पुण्यामुंबईच्या छोट्या हॉलांत बरं चाललंय.

गेल्या महिन्यात कुणीतरी प्रेक्षकात बसून काढलेली चाळीस सेकंदांची क्लिप आमच्या वाडीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर फिरली. त्यात मी शेजारची काकी झालेय. ती मासळी बाजारात गिऱ्हाइकाशी घासाघीस करते, तो भाग. हॉल खो खो हसतोय. काकीचा नवरा २००९ च्या फयान वादळात गेला. त्याच्याबद्दल ती बोलते तो भाग नंतर येतो, तो क्लिपमध्ये नाहीच. काकीनं आईजवळ निरोप दिला, "तिका सांग, माका नाचयलंस तां नाचयलंस, पैसे किती गावले तां तरी सांग." तेव्हापासून मी घरी गेलेली नाही. रेकॉर्डिंगला तिनं होकार दिला होता. तो भाग काढून टाकू का? की नाव बदलू?

आणखी चार गोष्टी. पर्ससीनचा, म्हणजे मोठ्या बोटींच्या वेढा घालणाऱ्या जाळ्यांचा वाद प्रयोगात आहे, गावातले काहीजण म्हणतात तो काढ. एक आयोजक म्हणतात, मालवणी कमी कर. एका माहितीपटवाल्यांनी करार पाठवलाय, त्यांना माझी सगळी पात्रं आणि रेकॉर्डिंग हवीत. आणि बाबा म्हणतात, बी.एड. कर.

नाव छापू नका.

*

नाव छापत नाही, काळजी नको.

काकीचा निरोप तू टोमणा म्हणून वाचलास. मला तसं वाटत नाही. जन्मभर मासळी विकलेल्या बाईनं विचारलेला तो सरळ प्रश्न आहे. तिची एक वस्तू तू नेलीस, बाजारात मांडलीस, ती खपली. आता ती भाव विचारतेय. 'बंद कर' असं ती म्हणालेली नाही, 'माझी अब्रू घालवलीस' असंही नाही. तिनं आकडा विचारलाय. तू आकडा न सांगता महिनाभर पुण्यात बसून राहिलीस. खरं सांगायचं तर क्लिपपेक्षा हेच तिला जास्त लागलं असणार.

तेव्हा आधी घरी जा. फोन नको, आईमार्फत निरोप नको. वहीत प्रत्येक प्रयोगाचा हिशोब लिहून ने. तिकिटं किती गेली, हॉलचं भाडं किती, प्रकाशयोजनेवाल्याला काय दिलं, एसटीचं भाडं किती, हातात काय उरलं. तोटा झाला असेल तर तोटा लिही, लाजू नकोस. बर्फाचे पैसेसुद्धा सुटले नाहीत असे दिवस तिनं कमी पाहिलेत का? तोट्याचा हिशोब तिला तुझ्यापेक्षा चांगला कळतो. सकाळी बाजाराच्या गडबडीत जाऊ नकोस. दुपारी ती टोपली धुऊन, जेवून बसते, तेव्हा गाठ.

हिशोब झाला की तिला तिचंच रेकॉर्डिंग ऐकव, पहिल्यापासून शेवटपर्यंत. मग तिच्यासमोर तो भाग करून दाखव, क्लिपमधला तुकडा नव्हे, सगळा. हा क्रम उलटा करू नकोस. आधी तिचा आवाज, मग तुझा. तिला फरक कुठे दिसतो ते तीच सांगेल, आणि ते ऐकायला तुला धीर लागेल. नंतर विचार की हे ठेवायचं का, ठेवायचं तर कुठलं वाक्य नको, आणि प्रयोगामागे तिचा वाटा किती.

होकाराबद्दल बोलायचं तर तो तुमच्या पडवीत बसून बोलायला दिलेला होकार होता. समोर शेजारची पोरगी आणि तिचा मोबाइल, एवढंच काकीला दिसत होतं. अनोळखी दोनशे माणसं हसतील हे तिनं धरलेलं नव्हतं, ते मोबाइलवर फिरेल हे तर तूही धरलेलं नव्हतंस. म्हणून इथून पुढे प्रत्येक गोष्टीला वेगळं विचारायचं. रेकॉर्ड करू का, रंगमंचावर करू का, व्हिडिओ निघाला तर चालेल का, दुसऱ्या कुणाच्या फिल्ममध्ये गेलं तर? आणि हा होकार तोंडीच घे, रेकॉर्ड करून ठेव. छापील फॉर्मवर सही-अंगठा मागत फिरू नकोस. तुमच्याकडे किनाऱ्यावर कागद म्हटला की म्हाताऱ्या माणसांना पहिली आठवते जमीन. सातबारा, कुळ, कुणीतरी मुंबईहून येऊन घेतलेली सही. कागद पुढे केलास की माणूस बोलायचं थांबतो.

नाव बदलून काही साधणार नाही. वाडीत घरं किती? नवरा फयानमध्ये गेलेला, बाजारात अमुक कोपऱ्यात बसते, बोलता बोलता पदराने टोपलीवरच्या माश्या हाकलते. नाव 'पार्वती' ठेव नाहीतर 'मेरी', ओळखायचे ते ओळखणारच. नाव बदलल्यानं फक्त पुण्याच्या प्रेक्षकाला ती कळत नाही, आणि त्याला ती तशीही कळणार नव्हती. उलट वाडीत बोललं जाईल की नाव लपवलं म्हणजे नक्की काहीतरी लपवण्यासारखं होतं.

ती 'नको' म्हणाली तर? तर भाग काढायचा. आईला मध्ये घालायचं नाही, 'अगो काकी, तुझीच गोष्ट जगाक कळतली' अशी गळ घालायची नाही. आणि काही कलाकार करतात तसं रिकामी खुर्ची ठेवून 'इथे एक बाई होती, तिनं परवानगी नाकारली' असंही करू नकोस. तो तिचा नकार विकणं झालं.

आता हशाबद्दल. मला तो क्लिपइतकाच महत्त्वाचा वाटतो, आणि त्याचा दोष सगळा प्रेक्षकाचा नाही. मराठी रंगभूमीनं गेली कित्येक दशकं मालवणी बोली विनोदी नाटकांत ऐकवली. मुंबईपुण्याच्या प्रेक्षकाचा कान तसाच घडलाय. रंगमंचावर कुणी 'खंय' म्हटलं की तो हसायला तयार असतो, पुढचं वाक्य काय आहे ते नंतर. तू काकीचा हेल आधी घेतेस आणि तिचं डोकं मागाहून. मग हसणारच.

ॲना डेव्हियर स्मिथ ही अमेरिकन अभिनेत्री १९८०च्या दशकापासून हेच काम करतेय. लोकांच्या मुलाखती घ्यायच्या आणि त्यांचेच शब्द, त्यांच्या अडखळण्यासकट, एकटीनं उभे करायचे. तिच्या कामात सूर नुसता उचललेला नसतो. माणूस बोलता बोलता कुठे थांबला, वाक्य कुठे अर्धं सोडलं, तिथे ती थांबते. काकीचं रेकॉर्डिंग पुन्हा ऐक. घासाघीस करताना ती गिऱ्हाइकाकडे बघते तरी का? मी पाहिलेल्या बहुतेक मासेविक्या बायका बघत नाहीत. मासळीच्या वाट्यावर पाणी शिंपडतात, शेजारणीशी तिसरंच काहीतरी बोलतात, हात आपला एक बांगडा उचलतो, वाट्यात टाकतो, पुन्हा काढून घेतो. डोक्यात सगळा हिशोब चालू. सकाळी लिलावात काय भावानं घेतले, बर्फाला किती गेले, उन्हं चढली की बांगडा मऊ पडणार, मग भाव आपोआप खाली. 'दोनशेच्या खाली परवडणां नाय' हे वाक्य त्या हिशोबातून येतं. तो हिशोब तू खेळ. हेल त्याच्या मागून येईल आणि हसणारे असतील ते वेगळ्या कारणानं हसतील.

एक बदल तर मी आजच करीन. फयानचा भाग आधी घे, बाजार नंतर. २००९ च्या नोव्हेंबरात, म्हणजे ऐन हंगामात होड्या पाण्यात असताना ते वादळ आलं. हे प्रेक्षकाला कळल्यावर तीच घासाघीस तो वेगळ्या कानानं ऐकेल. या बाईनं घर कशावर चालवलं ते त्याला त्या वाट्यात दिसेल. मध्ये थांबून डोळे पुसू नकोस. एका भागातून सरळ दुसऱ्या भागात जा.

लाटांचा आवाज काढून टाक. तुझ्या पत्रात त्याचा उल्लेख नाही, पण तू तो लावला असशील अशी माझी खात्री आहे, सगळेच लावतात. किनाऱ्यावरच्या माणसाला समुद्र सारखा ऐकू येत नसतो, तो बदलला की ऐकू येतो. त्यापेक्षा बंदरावर तीन नंबरचा बावटा लागला, मच्छीमारांनी खोल समुद्रात जाऊ नये, ही हवामानाची सूचना कोरड्या सरकारी आवाजात वाच. ते तुझ्या कामाला शोभतं. तुझं काम दस्तऐवजांचं आहे, आणि दस्तऐवज म्हणजे नुसतं तोंडचं बोलणं नव्हे. डिझेलचं बिल, लिलावाची चिठ्ठी, नुकसानभरपाईचा पंचनामा, सगळे दस्तऐवजच.

वाट्याचं म्हणशील तर तुझ्या घरात त्याची रीत आहेच, बाहेर शोधू नकोस. रापण ओढली की मासळीचे वाटे पडतात. जाळ्याचा, होडीचा, ओढणाऱ्यांचा. ऐनवेळी दोरीला हात लावायला आलेलाही रिकाम्या हाती जात नाही. कुणी कुणावर उपकार करत नाही, हिशोब असतो. तशीच सात माणसांची वाटणी ठरव. टक्केवारीत पडू नकोस, प्रयोगामागे प्रत्येकाला ठरलेली रक्कम दे, छोटी असली तरी. तोटा झाला तरी द्यायची की नाही हे त्यांच्यासमोर बसूनच ठरव. साडीचोळी, शाल-श्रीफळ हे वाटा म्हणून चालणार नाही. ते सत्कारासाठी असतं.

पर्ससीनचा भाग काढू नकोस, पण आज तो जसा आहे (म्हणजे मला वाटतं तो जसा असेल) तसा ठेवूही नकोस. तू रापणकऱ्यांच्या घरातली. तुझी सातही माणसं बहुधा तुझ्याच बाजूची असणार. रापण किनाऱ्यावरून ओढतात, बांगड्या-तारलीचा थवा आत येण्याची वाट बघावी लागते. पर्ससीनवाला बाहेरच थव्याला वेढा घालतो आणि जाळ्याचा तळ आवळून घेतो. मग आत काय येणार, हा तुमचा राग मला कळतो. राज्य सरकारच्या फेब्रुवारी २०१६ च्या आदेशानं पर्ससीनला सप्टेंबर ते डिसेंबर एवढाच काळ दिला, २०१७ मध्ये केंद्रानं एलईडी दिवे लावून मासेमारीवर बंदी घातली, २०२१ मध्ये राज्यानं १९८१ चा सागरी मासेमारी कायदा सुधारून दंड वाढवले. तरी दर हंगामात भांडण आहेच. का आहे, हे एका बाजूच्या तोंडून कधीच कळणार नाही.

म्हणून त्या मोठ्या बोटीवरच्या माणसाशी बोल. मालकाशी नव्हे, मालक पत्रकारांशी बोलून बोलून पाठ झालेलं सांगतो. खलाशाशी बोल. रत्नागिरीच्या मिरकरवाड्यात गेलीस तर बोटीबोटीवर नेपाळी पोरं भेटतील. डोंगरात वाढलेली, समुद्र पहिल्यांदा इथे पाहिलेली, आता कोकणच्या मासळीचा मोठा भार त्यांच्या हातांवर आहे. दालदी, म्हणजे मुसलमान मच्छीमारांच्या घरांतल्या बायकांशी बोल. तुमच्याच किनाऱ्यावर स्कूबावाल्यांच्या होडीवर जाणारा, ज्याच्या बापानं रापण ओढली, असा एखादा पोरगा गाठ. या माणसांशिवाय 'किनाऱ्यावरची माणसं' असं पोस्टरवर लिहिणं मला पटत नाही. 'आमच्या वाडीची माणसं' असं लिही, ते खरं होईल आणि चांगलंही दिसेल.

गावातले 'काढ' म्हणणारे आहेत, त्यांना आधी प्रयोग दाखव. गावात प्रयोग झालाय का, हे तू पत्रात लिहिलं नाहीस. झाला नसावा. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक बोटींना बंदी असते, पावसात होड्या माडाच्या झापांखाली असतात, माणसं जाळी विणत घरी असतात. नारळी पौर्णिमेच्या आधीचे ते दिवस पकड. देवळाचा मांड, म्हणजे कार्यक्रमांची जागा, सगळ्यांना सारखा मोकळा वाटत नाही, त्यापेक्षा जाळी ठेवायचा मांगर बरा. लाइट जाईलच, गेली तरी चालेल असा प्रयोग बांध. आणि तुझा प्रेक्षक दशावतार बघत मोठा झालाय हे विसरू नकोस. संहिता न लिहिता रात्रभर संवाद रचणारे नट त्यानं पाहिलेत. तो मध्येच बोलणार, 'तां तसा नाय झाला गो' म्हणून चूक काढणार. थांबायचं, ऐकायचं, वहीत लिहून घ्यायचं. पुण्यातल्या चर्चासत्रात तुला इतकं उपयोगी कुणी काही सांगणार नाही.

मालवणी कमी करू नकोस. आयोजकाला सांग की मुंबईच्या हॉलात निम्मे चाकरमानीच असतात. उरलेल्यांना एखादा शब्द अडला तर अडू दे.

प्रयोगाला तिकीट लावतेस, तर महाराष्ट्रात संहिता रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे जाते, हे तुला नाटक शिकताना सांगितलं असेलच. गावच्या प्रयोगानंतरची, काकीनं मान्य केलेली संहिता तिथे दे. दाराशी मोबाइल बंद ठेवायची विनंती तोंडी कर आणि प्रयोगाआधी स्वतः पुन्हा एकदा सांग.

आता तो करार. त्यातल्या ओळी तू लिहून पाठवल्या नाहीस. 'सर्व माध्यमांसाठी, जगभर, कायमस्वरूपी' असलं काही दिसलं की पेन खाली ठेव. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कलाकाराच्या व्याख्येत नट, गायक, नर्तक यांच्या जोडीला डोंबारी, जादूगार आणि चक्क गारुडीसुद्धा आहे. म्हणजे तू तर नक्कीच आहेस, आणि तुझ्या सादरीकरणावर तुझा हक्क आहे. गोष्ट सांगणारी काकी त्यात बसते का, हे वकिलाला विचारायचं, आणि करार कितीही लहान असला तरी वकिलाचे पैसे त्यावर खर्च करायचे. मूळ रेकॉर्डिंग मात्र कुठल्याही किमतीला देऊ नकोस. ते त्या सातजणांनी तुला दिलं, त्या कंपनीला नाही. माहितीपटवाल्यांना ती माणसं हवी असतील तर त्यांनी मालवणची गाडी पकडावी, स्वतः पडवीत बसावं, स्वतः विचारावं. तू फार तर ओळख करून दे. तुझा अभिनय हवा असेल तर त्याचा वेगळा करार कर. एक फिल्म, ठरलेली वर्षं, ठरलेले पैसे.

बाबांशी भांडू नकोस, कारण त्यांचं म्हणणं चुकीचं नाही. या कामावर घर चालत नाही, निदान पहिली काही वर्षं. केंद्राच्या संस्कृती मंत्रालयाची २५ ते ४० वयोगटाची कनिष्ठ फेलोशिप आहे, दोन वर्षं, महिना १०,००० रुपये. तू त्या वयात बसतेस. बेंगळुरूचं इंडिया फाउंडेशन फॉर द आर्ट्स कलाविषयक कामाला अनुदान देतं आणि अर्ज मराठीतही करता येतो, त्यामुळे इंग्रजीची भीती नको. दोन्हींच्या मुदती त्यांच्या संकेतस्थळावर बघ आणि अर्जात किनाऱ्याचं कौतुक लिहू नकोस. कुणाशी बोलणार, किती दिवस राहणार, त्यांना काय देणार, ते लिही. वाट्याचा हिशोब त्यात आला तर अर्ज वाचणाऱ्यांनाही बरं वाटेल.

आणि बी.एड. कर. शाळेतल्या बाईला मे महिन्याची सुट्टी असते, दुपारनंतर वेळ असतो, आणि गावात 'ही काय करते' या प्रश्नाला उत्तर असतं. मालवण तालुक्यातच नोकरी मिळाली तर रेकॉर्डिंगसाठी पुण्याहून यायचं भाडंही वाचेल. बाबांना मात्र आत्ताच सांगून ठेव की शनिवार-रविवार प्रयोग असतील.